बस कुठे आदळलीच नाही, मग आत पडलेल्या प्रवाशाला कोणता कोड?

तुमचा प्रश्न आधी माझ्या शब्दांत मांडते, म्हणजे नंतर वाचणाऱ्यांनाही संदर्भ लागेल. तुम्ही पुण्यात बसून अमेरिकेतल्या एका इमर्जन्सी विभागाचे चार्ट कोड करता, म्हणजे बिलासाठी निदान आणि दुखापतीचे कारण आयसीडी-१०-सीएम या आजार-दुखापतींच्या अमेरिकी वर्गीकरणातल्या कोडमध्ये लिहिता, आठ महिने झाले आहेत. चार्ट ६७ वर्षांच्या बाईंचा आहे. त्या शहर बसमध्ये दांडी धरून उभ्या होत्या. समोर कार आडवी आली, चालकाने करकचून ब्रेक दाबला, बाई पुढे फेकल्या गेल्या आणि डाव्या हातावर पडल्या. बस कारला लागली नाही, असे ट्रायाज नर्सने, म्हणजे आल्या आल्या रुग्ण तपासणाऱ्या नर्सने, स्वच्छ लिहिले आहे आणि डॉक्टरांनीही तसेच नोंदवले आहे. निदान: डाव्या मनगटाचे कोलीज फ्रॅक्चर (मनगटाजवळचे हाड मोडण्याचा एक ठरावीक प्रकार), मानेच्या स्नायूंना ताण, डोक्याला मुका मार, मनगटावर खरचटलेले. शुद्ध हरपली नव्हती. बाह्य कारणासाठी, म्हणजे दुखापत कशी झाली हे सांगायला, तुम्ही डब्ल्यू१८.३०एक्सए लावला, म्हणजे समतल जागी पडणे. कोडिंग तपासणाऱ्या ऑडिटरने चूक धरली आणि व्ही७३.६एक्सएक्सए सुचवला, म्हणजे बसची कारशी टक्कर. टीम लीड म्हणतात, वाद नको, व्ही७९.९एक्सएक्सए टाका, म्हणजे नुसता अनिर्दिष्ट बस अपघात. तिघांची तीन उत्तरे, आणि तुम्हाला हवे आहे की यात बरोबर कोण.

माझ्या मते तिघांपैकी कोणीच नाही. या चार्टला व्ही७८.६एक्सएक्सए लागतो: बसमधला प्रवासी, टक्कर न होता झालेला वाहन अपघात, सार्वजनिक रस्त्यावर. पण नुसता कोड सांगून मी थांबले तर पुढच्या आठवड्यात दुसरी बस येईल आणि तुम्ही पुन्हा अडाल. म्हणून हा कोड कसा आला ते सविस्तर सांगते. सतरा वर्षे हे काम करते आहे, त्यातली पहिली चार एका ट्रस्टच्या रुग्णालयात एमआरडीमध्ये, म्हणजे वैद्यकीय नोंदी विभागात, गेली. माणूस पडला की 'पडणे' शोधायचे, ही सवय मी नवीन आलेल्या जवळजवळ प्रत्येक कोडरमध्ये पाहिली आहे. ती सवय स्वाभाविक आहे, पण अपघाताच्या कोडिंगमध्ये ती उलटी पडते. आधी वाहनाचे काय झाले ते विचारायचे आणि शरीराचे काय झाले ते नंतर.

डब्ल्यू, म्हणजे पडण्याचा कोड, का नाही, ते तुमच्या पुस्तकातच लिहिलेले आहे. टॅब्युलर लिस्टमध्ये, म्हणजे कोडच्या क्रमवार यादीत, डब्ल्यू०० ते डब्ल्यू१९ या गटाच्या अगदी डोक्यावर एक्स्क्लुड्स वनची, म्हणजे 'हे इथे कोड करू नका' अशी टीप आहे, आणि तिच्यात वाहनात पडणे किंवा वाहनातून पडणे थेट व्ही०१ ते व्ही९९ या वाहन अपघातांच्या कोडकडे पाठवले आहे. आपण शब्दांच्या इंडेक्समधून कोड उचलतो, टॅब्युलरमध्ये त्या एका ओळीवर जाऊन खात्री करतो, पण गटाच्या सुरुवातीची टीप वाचायला वर जात नाही. ऐंशी टक्के घोटाळा तिथेच होतो, असे मला तरी वाटते. आणि ती टीप एक्स्क्लुड्स वन आहे, म्हणजे व्ही कोड लावून वर 'माहितीसाठी' म्हणून डब्ल्यूही जोडता येत नाही. काही जण तसे सुचवतील. ऐकू नका.

इथे तुमची बाजूही घेते, कारण चूक निष्काळजीपणाची नाही. रेल्वे आणि ट्राम यांच्यासाठी आयसीडीने 'वाहनाच्या आत पडणे' असा स्वतंत्र कोड दिला आहे, व्ही८१.५ आणि व्ही८२.५. बससाठी असा कोड नाही. त्यामुळे बसमध्ये पडलेल्या माणसाला 'पडण्याचा' कोड शोधताना व्ही गटात काही सापडत नाही आणि हात आपोआप डब्ल्यूकडे जातो. बसमध्ये ही सगळी प्रकरणे 'टक्कर न होता झालेला अपघात' या एका शब्दप्रयोगाखाली गोळा केली आहेत: ब्रेक मारल्यामुळे पडणे, वळणावर तोल जाणे, टक्कर न होता बस उलटणे. शब्द पाहून वाटत नाही, पण घर तेच.

आता व्ही कोडची बांधणी एकदा नीट समजून घ्या, मग पाठ करायची गरज उरत नाही. पहिला प्रश्न, जखमी माणूस कशात होता? बसमध्ये असेल तर व्ही७० ते व्ही७९. धडक कोणी दिली याच्याशी या टप्प्यावर काही संबंध नाही. बसने धडक दिलेला पादचारी व्ही७० मध्ये जात नाही, तो व्ही०४ मध्ये जातो, कारण तो पायी होता. दुसरा प्रश्न, समोर काय होते? त्यावर तिसरे अक्षर ठरते. पादचारी किंवा जनावर असेल तर व्ही७०, सायकल व्ही७१, दुचाकी किंवा तीनचाकी मोटार व्ही७२, कार, पिकअप किंवा व्हॅन व्ही७३, ट्रक किंवा दुसरी बस व्ही७४, रेल्वे व्ही७५, बिनमोटारीचे दुसरे वाहन व्ही७६, खांब, भिंत, दुभाजक असे स्थिर काही व्ही७७, आणि टक्कर झालीच नसेल तर व्ही७८. व्ही७९ हा उरलेल्यांचा आणि न कळलेल्यांचा. तिसरा प्रश्न, त्या माणसाची बसमधली भूमिका काय आणि जागा सार्वजनिक रस्ता होती की नाही? व्ही७० ते व्ही७८ मध्ये चौथे अक्षर हे दोन्ही एकदम सांगते. रस्त्यावर चालक ५, प्रवासी ६, बाहेर लटकलेला ७, कोण ते न कळलेला ९. रस्त्याबाहेर, म्हणजे डेपोच्या आवारात किंवा पार्किंगमध्ये, हेच अनुक्रमे ०, १, २, ३. चढताना-उतरताना झाले तर ४, आणि तिथे रस्ता आहे की नाही हा भेदच नाही.

हे तीन प्रश्न तुमच्या चार्टला लावा. बाई बसमध्ये. समोर कार होती, पण लागली नाही, म्हणून टक्कर नाही. आत उभी असलेली प्रवासी, शहरातला रस्ता. उत्तर व्ही७८.६, मग रिकाम्या दोन जागांसाठी एक्स एक्स, आणि शेवटी उपचाराचा टप्पा सांगणारा ए.

ऑडिटरची चूक नेमकी दुसऱ्या प्रश्नात आहे. चार्टमध्ये कारचा उल्लेख आहे म्हणून त्यांनी व्ही७३ धरला. पण तिसरे अक्षर कशामुळे ब्रेक मारला हे सांगत नाही, बस कशावर आदळली हे सांगते. मिनेसोटाच्या रस्त्यावर हरीण आडवे आले, चालकाने ब्रेक मारला, हरीण निघून गेले आणि आतला प्रवासी सीटवर आपटला, तर व्ही७८. हरणाला बस लागली तर व्ही७०. प्रवाशाचे फ्रॅक्चर दोन्हीकडे सारखेच असेल, तरी कोड वेगळा. आणि हा भेद नुसता पुस्तकी नाही. व्ही७३ लिहिला की दाव्यावर एक न घडलेली टक्कर उमटते. उद्या बाईंचा वकील आणि बस कंपनीचा विमा समोरासमोर बसले, की चार्ट एक सांगतो आणि बिल दुसरे सांगते. त्याचा त्रास त्या बाईंनाच होतो, आपल्याला नाही. म्हणून मला याबद्दल इतके बोलावेसे वाटते.

टीम लीडचा व्ही७९.९ कुठून आला तेही सांगते. बाह्य कारणांच्या इंडेक्समध्ये बसच्या आतल्या माणसासमोर पहिला दिसणारा कोड तोच आहे. चार्टमध्ये नुसते 'बस अपघात' असे दोन शब्द असतील आणि विचारायची सोय नसेल, तर तो बरोबर आहे. पण माहिती असताना अनिर्दिष्ट कोड लावणे म्हणजे डॉक्टर आणि नर्सने लिहिलेले पुसून टाकणे. तुमच्या चार्टमध्ये सगळे लिहिलेले आहे.

यापुढे परिस्थितीवर अवलंबून असणाऱ्या गोष्टी येतात, आणि इथे मी ठाम बोलणार नाही, तुमचा चार्ट बोलेल. सगळ्यात फसवी गोष्ट म्हणजे 'बस' कशाला म्हणायचे. आयसीडी-१०-सीएममध्ये बस म्हणजे दहाहून जास्त प्रवासी नेण्यासाठी बनवलेले आणि चालवायला खास परवाना लागणारे वाहन. मिनीबस व्ही७० ते व्ही७९ मधून स्पष्टपणे वगळून व्ही५० ते व्ही५९ मध्ये, पिकअप आणि व्हॅनसोबत टाकली आहे. विमानतळावरून हॉटेलला नेणारी छोटी शटल किंवा वृद्धांना डायलिसिसला नेणारी व्हॅन यांना रुग्ण 'बस' म्हणतात, नर्सही तसेच लिहिते. अशा वेळी रुग्णवाहिकेच्या कागदावर वाहनाचे वर्णन असते, ते बघा. तुमच्याच घटनेत शटल व्हॅन असती, तर व्ही५८.६एक्सएक्सए झाला असता.

दुसरी, भूमिका. चालक सोडून आत असलेला प्रत्येक जण प्रवासी. म्हणजे आपल्याकडचा कंडक्टरसुद्धा या व्याख्येने प्रवासीच, तो कामावर होता हे वाय९९.० सांगतो. पायरीवर, टपावर किंवा बाहेर लटकून जाणारा मात्र प्रवासी नाही, त्याचा चौथा आकडा ७. अमेरिकेच्या चार्टमध्ये हा आकडा मी क्वचितच लावला, पण दारात एक पाय ठेवून जाणारी कॉलेजची मुले आपण सगळ्यांनी पाहिली आहेत. बस बंद पडली म्हणून प्रवासी खाली उतरून मागे उभा राहिला आणि ट्रकने उडवले, तर तो आता पादचारी, व्ही०४. तिकीट खिशात आहे म्हणून तो बसचा राहत नाही.

तिसरी, बस उभी होती तर? पुष्कळांना वाटते की थांबलेल्या बसमध्ये वाहन अपघात कसा. व्याख्येत वाहन चालू, फिरते किंवा वाहतुकीच्या वापरात असले पाहिजे असे आहे. थांब्यावर उभी असलेली, लोक चढत-उतरत असलेली बस वापरातच आहे. पायरी चुकून घोटा मुरगळला तर व्ही७८.४. डेपोत रात्री बस धुणारा कामगार घसरला तर मात्र ते वाहतुकीचे काम नाही, तिथे डब्ल्यू कोड बरोबर. रस्ता सार्वजनिक होता की नाही हे लिहिलेच नसेल, तर बसच्या बाबतीत सार्वजनिक रस्ताच धरायचा. आणि घातपात, मारहाण असे काही लिहिलेले नसेल, तर अपघातच धरायचा.

इतके झाल्यावर एकदा मागे वळून पाहू: कशात होता, कशावर आदळले, कोण होता आणि कुठे. चार्ट वाचताना मी हे चार शब्द कागदाच्या कोपऱ्यात लिहिते आणि प्रत्येकासमोर चार्टमधला नेमका शब्द उतरवते. एखादी जागा रिकामी राहिली तर ती रिकामीच राहते, अंदाजाने भरत नाही.

आता दुखापतींकडे येते, कारण बिलाची सुरुवात तिथून होते. अमेरिकेतल्या बिलात व्ही कोड कधीही पहिला येत नाही. पहिला येतो सगळ्यात गंभीर दुखापतीचा कोड, आणि गंभीर कोणती हे डॉक्टरांच्या लिखाणावरून ठरते. इथे फ्रॅक्चर. 'कोलीज' हा शब्द लिहिलेला आहे म्हणून एस५२.५३२ए. तो शब्द नसता, नुसते 'डिस्टल रेडियस फ्रॅक्चर, डावे', म्हणजे मनगटाजवळचे हाड मोडले इतकेच असते, तर एस५२.५०२ए वर थांबायचे, एक्स-रेचे चित्र मनात आणून कोलीज ठरवायचे नाही. फ्रॅक्चर बंद की उघडे हे लिहिले नसेल तर बंद धरायचे.

मानेबद्दल एक सूचना. मराठीत आपण 'मान लचकली' म्हणतो आणि दोन्ही एकच वाटते, पण स्नायूचा ताण एस१६.१एक्सएक्सए आणि मणक्यांमधल्या लिगामेंटचा मुरगळा एस१३.४एक्सएक्सए. व्हिपलॅश, म्हणजे मानेला बसलेला झटका, लिहिले असेल तर दुसरा. तुमच्या चार्टमध्ये स्नायू लिहिले आहेत, म्हणून पहिला. डोक्याचा मुका मार एस००.०३एक्सए, स्काल्पला, म्हणजे डोक्यावरच्या त्वचेला, असे लिहिले असेल तर. नुसते 'डोक्याला इजा' असेल तर एस०९.९०एक्सए. कन्कशन, म्हणजे मेंदूला बसलेला हादरा, डॉक्टरांनी म्हटलेले नाही, तर चक्कर आली होती म्हणून आपण म्हणायचे नाही. मनगटावरचे खरचटणे कोड करायचे नाही, कारण त्याच जागी त्याहून मोठी दुखापत, म्हणजे फ्रॅक्चर, आहे. मार्गदर्शक तत्त्वांत हे स्पष्ट आहे, तरीही खरचटण्याचे कोड मी दर आठवड्याला काढून टाकते. डोक्याचा मार मात्र वेगळ्या जागी आहे, तो राहतो.

शेवटच्या ए बद्दल थोडे जास्त बोलते, कारण इथे मी स्वतः सुरुवातीला महिनाभर चुकले होते आणि त्यात खरे दावे अडकले. ए म्हणजे पहिली भेट, असे मी धरले होते. ए म्हणजे सक्रिय उपचार चालू आहेत. बाई आज इमर्जन्सीमध्ये आल्या, ए. पाच दिवसांनी दुसऱ्या रुग्णालयात हाडांच्या डॉक्टरांनी प्लेट घातली, तिथेही ए, कारण उपचार अजून चालू आहे. सहा आठवड्यांनी प्लास्टर बघायला आल्या, तेव्हा डी, म्हणजे उपचारानंतरची देखरेख. दोन वर्षांनी मनगट आखडल्याची तक्रार घेऊन आल्या, तर आधी त्या आखडण्याचा कोड आणि मग त्याच फ्रॅक्चरचा कोड, मागे राहिलेला परिणाम सांगणारे एस अक्षर लावून. व्ही कोडचे अक्षर दुखापतीच्या अक्षराबरोबर चालते. फ्रॅक्चर डी असताना व्ही७८.६एक्सएक्सए ठेवला तर तो दावा स्वतःशीच भांडतो. माझ्याकडून त्या महिन्यात हाडांच्या शस्त्रक्रियांना डी लागला होता आणि पैसे देणाऱ्याने, म्हणजे विमा कंपनीने, ते शस्त्रक्रियेनंतरची देखरेख समजून परत पाठवले. ते सगळे चार्ट मी पुन्हा उघडून दुरुस्त केले, तेव्हा हे अक्षर डोक्यात पक्के बसले.

जागेचा कोड, वाय९२, यावर लोकांत मतभेद आहेत. तुम्ही वाय९२.८११, म्हणजे बस, लावला होता. तो चूक म्हणवत नाही. पण व्ही७८.६ ने बस सांगितलीच आहे, मग रस्त्याचा कोड जास्त माहिती देतो, असे मला वाटते. शहरातला रहिवासी किंवा व्यापारी रस्ता असे कळत असेल तर वाय९२.४१४. रस्त्याबद्दल एक अक्षरही नसेल तर बसचा कोड ठेवा. क्लायंटचे लेखी धोरण असेल तर ते माझ्या मतापेक्षा वर. वाय९२ फक्त पहिल्या उपचाराच्या भेटीत, वाय९३ (माणूस काय करत होता) आणि वाय९९ (कामावर होता की नाही) ही तसेच. आणि न कळलेल्या गोष्टीसाठी वाय९२.९, वाय९३.९, वाय९९.९ लावायचे नाहीत. बाई दांडी धरून उभ्या होत्या, यासाठी क्रियेचा कोड ओढूनताणून शोधू नका.

'बाह्य कारणाचे कोड देशभर सक्तीचे नाहीत, मग एवढी डोकेफोड कशाला' असे तुमच्या एका सहकाऱ्याने म्हटल्याचे तुम्ही लिहिले आहे. सक्ती राज्यावर आणि पैसे देणाऱ्यावर अवलंबून आहे हे खरे. पण या बाई ६७ वर्षांच्या आहेत, म्हणजे बहुधा मेडिकेअर, अमेरिकी सरकारचा मुख्यतः ज्येष्ठांसाठीचा आरोग्य विमा. १९८० पासून वाहन अपघाताच्या प्रकरणात दुसऱ्याचा दायित्व विमा किंवा नो-फॉल्ट विमा (चूक कोणाची हे न पाहता पैसे देणारा) असेल, तर तो आधी आणि मेडिकेअर नंतर, असा नियम आहे. दुसऱ्या विम्याकडून वेळेत पैसे आले नाहीत तर मेडिकेअर तात्पुरते देते आणि पुढे वसूल करते. त्यामुळे डॉक्टरांच्या बिलात, सीएमएस-१५०० फॉर्मवर, दहाव्या रकान्यातला वाहन अपघाताचा प्रश्न आणि राज्याची दोन अक्षरे भरलेली हवीत. रुग्णालयाच्या यूबी-०४ वर बाह्य कारणासाठी ७२ क्रमांकाची वेगळी जागा आहे. तुमचा डब्ल्यू१८.३० तसाच गेला असता, तर हे घरातले पडणे आहे की बसमधले, हे बिल वाचणाऱ्याला कळले नसते. मग महिन्यांनी बाईंच्या घरी अपघाताची चौकशी करणारी पत्रे जातात. हात प्लास्टरमध्ये असलेल्या एकट्या बाईने ती पत्रे कशी भरायची, याचा विचार मी कोड लावताना करते.

आता थोडे आपल्याकडचे, कारण इथे रुग्णालयांच्या एमआरडीतले लोकही वाचतात. भारतात मृत्यूच्या कारणासाठी आपण जागतिक आरोग्य संघटनेचा आयसीडी-१० वापरतो. त्यात ए-डी-एस अक्षरे नाहीत, कोड व्ही७८.६ वरच संपतो. पण मोठा फरक वेगळाच आहे. अमेरिकेच्या बिलात व्ही कोड कधी पहिला येत नाही, आणि मृत्यूच्या कोडिंगमध्ये नेमके उलटे: अपघाती मृत्यूत मूळ कारण म्हणून अपघाताची परिस्थितीच धरली जाते. घाटात एसटी उलटून प्रवासी गेला, तर मूळ कारण मेंदूतला रक्तस्राव नाही, बसचा अपघात. फॉर्म ४ वर, म्हणजे मृत्यूच्या कारणाच्या वैद्यकीय प्रमाणपत्रावर, मृत्यूची पद्धत आणि दुखापत कशी झाली हे विचारलेले असते. त्या ओळीत मी चार वर्षे 'आरटीए' हीच तीन अक्षरे पाहिली. रस्त्यावरचा अपघात, पण कोणाचा? बसमधला, दुचाकीवरचा की रस्ता ओलांडणारा? बस उलटली की समोरून ट्रकवर आदळली? डॉक्टरांनी 'एसटी बसमधील प्रवासी, घाटात बस उलटली, धडक नाही' इतके आठ शब्द लिहिले, तर व्ही७८.६ मिळतो. कठडा तोडून खाली गेली असे लिहिले तर कठड्याची धडक आली आणि व्ही७७.६. ते शब्द नसले तर माणूस आकडेवारीत अनिर्दिष्ट म्हणून जातो, आणि त्या घाटाला कठडा हवा की बसला चांगले ब्रेक, हे त्या आकड्यांतून कोणालाच कळत नाही. मी त्या काळात निवासी डॉक्टरांच्या खोलीत जाऊन ती ओळ भरून घेत असे. रात्रपाळी संपवून आलेली मुले कधी वैतागायची, पण लिहायची.

राहिला तुमचा मूळ पेच, ऑडिटरला काय लिहायचे. वाद म्हणून लिहू नका, पुस्तकातली जागा दाखवा. मी साधारण असे लिहिले असते: 'डब्ल्यू१८.३० चूक होता हे मान्य, कारण डब्ल्यू०० ते डब्ल्यू१९ या गटाच्या एक्स्क्लुड्स वन टिपेत वाहनात पडणे व्ही०१ ते व्ही९९ कडे आहे. परंतु व्ही७३ साठी बसची कारशी टक्कर लागते. ट्रायाज नोंदीत आणि डॉक्टरांच्या नोंदीत बस कारला लागली नाही असे स्पष्ट आहे. त्यामुळे टक्कर नसलेल्या अपघाताचा व्ही७८.६एक्सएक्सए लावण्याची विनंती.' खाली त्या दोन नोंदींच्या वेळा द्या, म्हणजे त्यांना शोधावे लागणार नाही. आपली चूक पहिल्या वाक्यात मान्य केली की पुढचे वाक्य लोक शांतपणे वाचतात, हा माझा अनुभव.

पाठवण्याआधी हा मजकूर टीम लीडना दाखवा, त्यांना वगळून थेट वर पाठवू नका. व्ही७९.९ त्यांनी तुम्हाला वाचवायलाच सुचवला असणार. आणि ऑडिटरने तरीही व्ही७३ वर आग्रह धरला, तर त्यांचे उत्तर लेखी मागा आणि चार्टमधली तपशील झाकलेली ती दोन वाक्ये इथे टाका, मी पुन्हा बघेन.